लग्नातली कानपिळी कुठं गेली?

संपादक साहेब, नमस्कार.

मागच्या महिन्यात भाचीचं लग्न होतं साताऱ्याकडे. अंतरपाट सरला, अक्षता पडल्या, हार घातले, तेवढ्यात व्हिडिओवाला म्हणतो, ड्रोनमधे नीट आलं नाही, परत एकदा धरा. आणि खरंच परत धरला हो अंतरपाट! मंगलाष्टकं नाहीत, नुसतं म्युझिक, आणि दोघं परत पहिल्यांदा बघितल्यासारखं हसली. मला तिथंच कसंतरी झालं.

हे काय एका दिवसात झालेलं नाही. १९९४ ला हम आपके हैं कौन आला आणि बूट लपवायची हौस घरोघरी गेली, त्याआधी आमच्याकडे नवरीचा भाऊ नवरदेवाचा कान पिळायचा आणि मानाचा पोशाख घ्यायचा, आता करवल्या बूट पळवतात आणि भाऊ बिचारा बाजूला उभा. मग हिंदी सिरियलमधून लग्नाआधीचा संगीताचा कार्यक्रम आला, मराठी सिरियलनी पण तेच उचललं. २०१६ ला जिओ आलं, नेट स्वस्त झालं, २०२० ला टिकटॉक बंद झालं तर पंधरा दिवसात इन्स्टाचे रील हजर, आणि आता हळदीला सगळ्यांनी पिवळंच घालायचं.

पोरांनी नाचावं, खुशाल नाचावं. पण पूर्वी जात्याला हळकुंड बांधून बायका हळद दळायच्या, ओव्या म्हणायच्या, त्या ओवीत नवरीचं नाव, मामाचं नाव, गावाचं नाव यायचं. डीजेच्या गाण्यात आपल्या घरचं कोण असतं सांगा ना? हेमा राईरकर आणि गी पॉइट्वां या अभ्यासकांनी गावोगाव फिरून अशा लाखावर ओव्या जमवल्या, आज त्यातल्या काही पारीच्या (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया) वेबसाइटवर ऐकायला मिळतात. म्हणजे ज्या मोबाईलवर रील बघतो त्याच मोबाईलवर हे पण आहे, फक्त कोणी लावत नाही.

त्या लग्नात आमची मावशी कोपऱ्यात खुर्चीवर बसून होती, ऐंशीच्या पुढची. तिला मागच्या खोलीत नेलं, दार लावलं, फोनवर रेकॉर्डिंग चालू केलं. अकरा ओव्या म्हटल्या तिने, मागे डीजेचा धाड धाड आवाज येतोय, बाराव्या ओवीला अडकली, म्हणाली पुढचं माझ्या जावेला यायचं, ती गेली आता.

साहेब, एक विनंती आहे. लग्नसराईत रोज एक हळदीची ओवी छापा, वाचक आपापल्या गावाकडच्या पाठवतील. मावशीच्या अकरा मी सोबत पाठवतेय, बारावी कोणाला येत असेल तर कळवा.

आपली एक वाचक