तासिका तत्त्वावरील प्राध्यापकांच्या वेतनहक्कासाठी कायदेशीर साहाय्य निधी : आवाहन

सर्व प्राध्यापक, सेवानिवृत्त सहकारी, विधिज्ञ आणि महाविद्यालयीन शिक्षणाविषयी आस्था असणाऱ्या नागरिकांस,

नेट, सेट (प्राध्यापकपदाच्या पात्रता परीक्षा) किंवा पीएच.डी. ही पात्रता असूनही वर्षानुवर्षे तासिका तत्त्वावर, म्हणजे घेतलेल्या तासांप्रमाणे मानधन घेऊन, वा कंत्राटी पद्धतीने शिकवणाऱ्या प्राध्यापकांना वेतनाचा हक्क न्यायालयात मागता यावा, यासाठी आमच्या संघटनेने कायदेशीर साहाय्य निधी उभारण्याचे ठरवले आहे. हा निधी कोणाच्या उपकारासाठी नसून जे कायद्याने आधीच मान्य केले आहे ते पदरात पडावे यासाठी आहे.

समान कामाला समान वेतन हे तत्त्व राज्यघटनेच्या अनुच्छेद 39(ड) मध्ये आहे, आणि 1982 च्या रणधीर सिंह खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ते समतेच्या मूलभूत हक्काशी जोडले. 2016 मध्ये जगजित सिंह खटल्यात हंगामी कर्मचाऱ्यांनाही, काम तेच असल्यास, नियमित वेतनश्रेणीचे किमान वेतन द्यावे असा निर्णय झाला. ऑगस्ट 2025 मध्ये तर गुजरातमधील शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालयांतील कंत्राटी सहायक प्राध्यापकांना, ज्यांना महिना सुमारे 30,000 रुपये मिळत होते, वेतनश्रेणीचे किमान वेतन देण्याचा आदेश देताना सर्वोच्च न्यायालयाने शिक्षकांना केवळ समारंभांतून वंदन करून भागत नाही, याची स्पष्ट जाणीव करून दिली. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 2018 च्या विनियमांतही कंत्राटी प्राध्यापकाचे वेतन नियमित सहायक प्राध्यापकाच्या एकूण मासिक वेतनापेक्षा कमी नसावे, असे नमूद आहे.

मग अडते कोठे? प्रथम पुराव्यावर. कंत्राटी आणि नियमित प्राध्यापकांची कामे समान आहेत हे सिद्ध करण्याची जबाबदारी जगजित सिंह निकालानुसार वेतन मागणाऱ्यावरच असते. तासिकांचे वेळापत्रक, परीक्षेच्या कामाचे आदेश, उत्तरपत्रिका तपासणी, प्रवेश आणि नॅकची (महाविद्यालयाच्या मूल्यांकनाची) कामे यांची नोंद नसेल तर, प्रत्यक्षात पूर्णवेळ राबलेला प्राध्यापकही कागदावर काही तासांचाच मानकरी ठरतो. काही ठिकाणी खात्यावर जमा केलेल्या वेतनातील भाग रोख परत मागितला जातो, आणि त्याविरुद्ध बोलणाऱ्याला पुढील वर्षी नियुक्तिपत्र मिळत नाही. ही गोष्ट आम्हांला सर्वांत संतापजनक वाटते.

दुसरी अडचण खर्चाची आहे. 1988 च्या सुंदरंबाळ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने शिक्षक हा तत्कालीन औद्योगिक विवाद कायद्याखालील कामगार नाही असे ठरवले, त्यामुळे कामगार न्यायालयाचा तुलनेने स्वस्त मार्ग त्याला बंद झाला. सेवेतून काढल्यास विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाकडे अपील करता येते, पण त्याची मुदत अल्प असते. वेतनासाठी मात्र बहुधा उच्च न्यायालयातच याचिका करावी लागते, आणि थकबाकी साधारणपणे याचिकेपूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळत असल्याने पैशांअभावी गेलेले प्रत्येक वर्ष दाव्यातून कायमचे वजा होते.

म्हणूनच कायम सेवेतील सहकाऱ्यांनी आपल्या वेतनातून यथाशक्ती नियमित वाटा द्यावा, अशी आमची आग्रहाची विनंती आहे. एकाच विभागात, एकाच अभ्यासक्रमाचे तास घेणाऱ्या शेजारच्या सहकाऱ्याचा हा प्रश्न आहे, आणि त्याच्या कामाविषयी शपथपत्र देणारा साक्षीदारही कायम प्राध्यापकच असू शकतो. सेवानिवृत्तांनी जुने कार्यभार तक्ते व आदेश शोधून द्यावेत. विधिज्ञांनी सवलतीच्या शुल्कात काही प्रकरणे स्वीकारावीत.

प्रत्येक देणगीची पावती दिली जाईल आणि जमाखर्च सर्वसाधारण सभेपुढे ठेवला जाईल. निधीतून केवळ न्यायालयीन शुल्क, वकिलांचे शुल्क आणि कागदपत्रांच्या प्रमाणित प्रतींचा खर्च भागवला जाईल. ज्यांना दावा करावयाचा आहे त्यांनी नियुक्तिपत्रे, वेळापत्रके व बँकेच्या नोंदींच्या छायाप्रती संघटनेकडे द्याव्यात, मूळ कागद मात्र स्वतःजवळच ठेवावेत. त्यांची नावे त्यांच्या लेखी संमतीखेरीज कोणासही कळवली जाणार नाहीत.