कॅमेरे आणि बिलिंगचा संगणक एकाच राउटरवर नको

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कापसाचा हंगाम तोंडावर आला की खान्देशातल्या जिनिंगांत नवे कॅमेरे बसू लागतात. जळगावच्या सराफ बाजारात आणि रावेर-सावद्याच्या केळी व्यापाऱ्यांकडे ते आधीपासून आहेतच. वजनकाट्याचा आणि बिलिंगचा संगणक ज्या राउटरवर चालतो, त्यालाच बहुतेक ठिकाणी डीव्हीआरची (कॅमेऱ्यांचे चित्रण साठवणाऱ्या डब्याची) वायर जोडलेली असते. मालकाला मोबाइलवर चित्र दिसले की काम संपले!

हे चित्र दिसावे म्हणून अनेकदा राउटरमध्ये पोर्ट फॉरवर्डिंग केलेले असते, म्हणजे बाहेरून थेट डीव्हीआरपर्यंत येण्याची वाट (पोर्ट) उघडलेली असते. राउटरमधली यूपीएनपी ही आपोआप पोर्ट उघडू देणारी सोय चालू असेल तर डीव्हीआर स्वतःच पोर्ट उघडून घेतो. स्टॅटिक आयपी (इंटरनेटवरचा कायमचा पत्ता) असलेल्या ठिकाणी मग डीव्हीआरचे लॉगिन पान जगात कोणालाही उघडता येते. २०१६ मध्ये ‘मिराय’ या घातक प्रोग्रामने असेच कॅमेरे, डीव्हीआर आणि राउटर लाखोंनी ताब्यात घेतले. त्यात फार करामत नव्हती. कारखान्यातून येणाऱ्या साठेक युजरनेम-पासवर्डच्या जोड्या तो टेलनेटवर (दुरून उपकरणात शिरण्याच्या जुन्या मार्गावर) एकेक करून लावून पाहायचा. तो मेमरीतच राहतो, त्यामुळे उपकरण बंद-चालू केले की पुसला जातो; पण पासवर्ड जुनाच असेल तर थोड्याच वेळात पुन्हा शिरतो. आणि डीव्हीआर ताब्यात गेला की त्याच राउटरवरच्या बिलिंगच्या संगणकाची वाटही मोकळी होते.

म्हणून आधी पासवर्ड बदला, पोर्ट फॉरवर्डिंगच्या नोंदी काढा, यूपीएनपी आणि डब्ल्यूपीएस (पासवर्डऐवजी बटण किंवा पिनने वायफाय जोडण्याची सोय) बंद करा. डब्ल्यूपीएसचा पिन आठ आकडी असला तरी तो दोन तुकड्यांत तपासला जातो आणि शेवटचा आकडा नुसता पडताळणीचा असतो. त्यामुळे जास्तीत जास्त ११,००० प्रयत्नांत तो सापडतो.

मॅनेज्ड स्विच (सेटिंग बदलता येणारा, वायरी जोडण्याचा डबा) असेल तर कॅमेऱ्यांचा व्हीएलएएन, म्हणजे त्याच स्विचवरचे स्वतंत्र नेटवर्क, वेगळा करावा. ऑफिसकडून डीव्हीआरकडे जाता यावे, डीव्हीआरकडून ऑफिसकडे नाही, असा नियम राउटरमध्ये घालावा. छोट्या दुकानात दुसरा साधा राउटर चालतो, पण तिथे हमखास उलटे केले जाते. कॅमेरे आतल्या (दुसऱ्या) राउटरवर टाकले, तर त्यांना बाहेरच्या (इंटरनेटला जोडलेल्या) राउटरवरचा संगणक दिसतच राहतो. संगणक आत आणि कॅमेरे बाहेर हवेत.

‘आमच्याकडे मॅक फिल्टर आहे’, म्हणजे ठरावीक मॅक पत्त्यांच्या (उपकरणाच्या ओळख क्रमांकांच्या) उपकरणांनाच वायफाय मिळते, हे समाधान खोटे आहे. वायफायवर मॅक पत्ता उघडाच जातो आणि त्याची नक्कल सहज होते. उलट नवे मोबाइल प्रत्येक वायफायला वेगळा मॅक दाखवतात, म्हणून अडतात ते आपलेच कर्मचारी. पतसंस्थांनी तरी ८०२.१एक्स ही, जोडणाऱ्या उपकरणाची ओळख तपासणारी पद्धत वापरावी. कंपाउंडच्या भिंतीवरच्या कॅमेऱ्याची वायर काढून कोणी लॅपटॉप लावला, तर स्विचचा पोर्ट ओळख पटल्याशिवाय उघडत नाही.

आणखी एक. वीज येऊन-जाऊन राउटर अडकला की कोणीतरी टाचणी घालून रीसेट करतो आणि कारखान्याचा पासवर्ड परत येतो. सेटिंगचा बॅकअप पेनड्राइव्हवर ठेवावा. पासवर्ड डीव्हीआरच्याच डब्यावर मार्करने लिहिण्याच्या पद्धतीबद्दल काय बोलावे!

बाजार समित्या आणि पतसंस्थांनी कॅमेऱ्यांच्या कार्यादेशातच या अटी घालाव्यात आणि शेवटचे बिल चाचणीनंतरच द्यावे. चाचणी सोपी आहे. मोबाइलचे वायफाय बंद करून, मोबाइल डेटावरून आपला बाहेरचा आयपी पत्ता आणि डीव्हीआरचा पोर्ट ब्राउझरमध्ये टाकावा. लॉगिनचे पान उघडले, तर बिल थांबवावे.

आपले,
काही नेटवर्क तंत्रज्ञ, जळगाव व धुळे