चाकालताया : रिसॉर्ट नव्हे, एका क्लबचा डोंगर

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या गेल्या रविवारच्या पुरवणीतील हिमनद्यांवरील लेखात बोलिव्हियातील चाकालतायाचा उल्लेख ‘हवामानबदलामुळे २००९ मध्ये संपलेले जगातील सर्वांत उंच स्की रिसॉर्ट’ असा एका वाक्यात उरकला आहे. वाक्य ढोबळमानाने चूक नाही. परंतु ‘रिसॉर्ट’ म्हटले की आपल्या वाचकाच्या डोळ्यांपुढे गुलमर्गचा गोंडोला, हॉटेलांची रांग आणि भाड्याने बूट देणारी दुकाने येतात. चाकालताया असे कधीच नव्हते, आणि ते किती लहान होते हे समजून घेतल्याखेरीज ते का संपले हेही नीट समजत नाही, म्हणून हे पत्र.

ला पाझ शहरापासून सुमारे ३० किलोमीटरवर असलेल्या या डोंगराचे शिखर ५,४२१ मीटर उंच आहे. १९३९ मध्ये स्थापन झालेल्या क्लब आंदिनो बोलिव्हियानो या गिर्यारोहकांच्या मंडळाने त्याच वर्षी तेथील हिमनदीच्या उतारावर स्कीइंग करणाऱ्यांना वर ओढून नेणारा दोर बसवला. तो फिरवण्यासाठी मोटारगाडीचे इंजिन वापरले होते. राऊल पोस्नान्स्की हे त्यामागचे प्रमुख नाव. दक्षिण अमेरिकेतील अशा प्रकारची ही पहिलीच यंत्रणा समजली जाते. त्या उंचीवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जेमतेम निम्मा असतो, म्हणजे माणसाची जी दमछाक होते तीच इंजिनाचीही होणार, हे लक्षात घेतले तर त्या जुगाडाचे मोल कळते. वर जाण्याची रीतही धाडसाचीच होती : पट्ट्याला बांधलेला लोखंडी आकडा वेगाने सरकणाऱ्या दोराला अडकवायचा, हिसका बसला तरी तोल सावरायचा आणि वर पोहोचताच वेळेवर आकडा सोडवायचा. तेथे बसायला खुर्ची नव्हती, की पाय टेकायला फळी. दोर चालायचा तोही प्रामुख्याने शनिवार-रविवारी. क्लबची निवाऱ्याची इमारत ५,३०० मीटरपेक्षा अधिक उंचीवर आहे आणि तेथील उपाहारगृहाची जगातील सर्वांत उंच म्हणून नोंद झाली. आपल्याकडचे मोटारसायकलस्वार ज्या खारदुंग ला खिंडीत दोन मिनिटे थांबून छायाचित्र काढतात आणि डोके दुखू लागताच खाली उतरतात, साधारण त्याच उंचीवर ही मंडळी सुट्टीचा दिवस घालवत असत.

आता हंगामाविषयी, कारण खरी मेख तेथेच आहे. चाकालताया विषुववृत्ताच्या दक्षिणेला सुमारे सोळा अंशांवर आहे. आमचे कोल्हापूर उत्तरेला जेवढे, जवळजवळ तेवढेच ते दक्षिणेला. त्यामुळे तेथील ऋतुचक्र युरोपच्या स्कीइंगच्या गावांपेक्षा आपल्या ऋतुचक्राशी अधिक जुळते : पाऊस उन्हाळ्याच्या महिन्यांत, आणि हिवाळा कोरडा. उंचीमुळे तो पाऊस हिम होऊन पडतो, एवढाच काय तो फरक. नोव्हेंबर ते मार्च, म्हणजे दक्षिण गोलार्धातील उन्हाळा, हा हिम पडण्याचाही काळ आणि वितळण्याचाही. हिवाळाभर हिम साचत जाऊन कुरणावर जाड थर बसावा, ही गुलमर्गची सोय तेथे नाही. पडलेले ताजे हिम टिकायचे ते खाली हिमनदीचा बर्फ होता म्हणून; उघड्या काळ्या खडकावर पडलेले हिम ऊन येताच नाहीसे होते. म्हणजे हिमनदी हा तेथील देखाव्याचा भाग नव्हता, तर स्कीइंगचा पायाच होता.

आणि हा पाया मुळात लहान. १९४० च्या सुमारास हिमनदीचे क्षेत्रफळ ०.२२ चौरस किलोमीटर, म्हणजे २२ हेक्टर होते. १९९८ मध्ये ते सहा हेक्टरांवर आले होते. ला पाझच्या सान आंद्रेस विद्यापीठातील एद्सोन रामिरेझ आणि त्यांच्या फ्रेंच सहकाऱ्यांनी १९९० च्या दशकात तिच्या घटीची पद्धतशीर मोजणी केली, आणि ती २०१५ च्या सुमारास संपेल असा अंदाज वर्तवला. ती २००९ मध्येच संपली. पावसाळा उशिरा सुरू झाला की बर्फावर पांढरा थर चढत नाही, उघडा पडलेला मळकट बर्फ ऊन अधिक शोषतो, मधूनच खडक डोके वर काढतात आणि तापून भोवतालचा बर्फ वितळवतात. १९९७-९८ च्या तीव्र एल निन्योसारख्या वर्षांत हे चक्र वेग घेते. मोठ्या हिमनदीला असा फटका बसला तर ती काठाने मागे सरते. चाकालतायाला काठाखेरीज फारसे काही उरलेच नव्हते. सुमारे १८,००० वर्षे जुनी मानली गेलेली ही हिमनदी सत्तर वर्षांत संपली, हे म्हणूनच अतर्क्य नाही. क्लबही एका दिवसात ‘बंद पडला’ नाही. बर्फाचे तुकडे होत गेले तसा वापरता येणारा उतार आखडत गेला, आणि अखेरचा बर्फ जाण्याआधीच तेथील नियमित स्कीइंग इतिहासजमा झाले होते.

ओघात आणखी एक. डोंगरावर १९३० च्या दशकात झालेल्या रस्त्याचा लाभ केवळ हौशी मंडळींना झाला नाही. ब्राझीलचे सेझार लातेस यांनी १९४७ मध्ये येथील हवामान केंद्रावर छायाचित्रणाच्या प्लेट्स ठेवल्या, आणि वैश्विक किरणांतील (अवकाशातून येणाऱ्या वेगवान कणांच्या माऱ्यातील) पायॉन या कणाच्या शोधाला त्यांतून बळकट पुरावा मिळाला. वैश्विक किरणांची प्रयोगशाळा आजही तेथे आहे. डोंगर ओस पडला असे त्यामुळे म्हणता येत नाही. २०१६ मध्ये ला पाझमध्ये पडलेल्या पाणीटंचाईचे खापरही काही जण चाकालतायाच्या नाहीशा होण्यावर फोडतात. इतक्या चिमुकल्या हिमनदीवर एवढ्या शहराची तहान भागत नव्हती.

काही वर्षांपूर्वी पेरू-बोलिव्हियाच्या सहलीत मी तेथे गेलो होतो. गाडी निवाऱ्यापाशी थांबते. तेथून शिखरापर्यंतची चढण तशी किरकोळ, पण दर पंधरा-वीस पावलांवर थांबून श्वास घ्यावा लागत होता, आणि कळसूबाई दोनदा चढल्याचा माझा अभिमान पहिल्या पाच मिनिटांतच गळून पडला. ज्या उतारावर लोक स्कीइंग करत, तेथे तपकिरी रंगाच्या दगडांच्या चपट्या कपच्या पसरल्या होत्या आणि पाय पडला की कौले फुटावीत तशा वाजत होत्या. आमच्यातील एकाने ‘रिसॉर्ट कुठे आहे?’ असे विचारले, तेव्हा वाटाड्याने त्या एकाकी इमारतीकडे बोट दाखवले.

यापुढे पुरवणीत हा विषय येईल तेव्हा ‘रिसॉर्ट’ऐवजी ‘एका स्थानिक क्लबची स्कीइंगची जागा’ असे लिहावे, आणि २००९ हे स्कीइंग थांबल्याचे नव्हे तर हिमनदी संपल्याचे वर्ष म्हणून द्यावे, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त भूगोल शिक्षक,
कोल्हापूर