नट बसला म्हणजे चाक बसलं असं नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गौरी-गणपती जवळ आले की आपल्या वृत्तपत्रात जादा गाड्यांचं वेळापत्रक येतं, कुठल्या घाटात काम सुरू आहे ते कळतं, महामार्गावरच्या खड्ड्यांचे फोटो छापून येतात. त्याच्या जोडीला आणखी एका गोष्टीला जागा द्यावी, या विनंतीसाठी हे पत्र लिहिते आहे. ती गोष्ट म्हणजे गाडीची बदललेली चाकं.

कणकवलीत महामार्गालगत आमचं टायर आणि व्हील अलाइनमेंटचं दुकान आहे. वडिलांनी ते पंक्चर काढण्यापासून सुरू केलं, आता मी चालवते. गावाला यायच्या आधी गाडीला अलॉय (ॲल्युमिनियमच्या मिश्रधातूची चाकं) बसवून घ्यायचे, ही हौस गेल्या काही वर्षांत फार वाढली आहे. हौसेला माझी हरकत नाही. पण त्यातली बरीच चाकं त्या गाडीची नसतात. भोकं जुळली, नट आवळले गेले, गाडी दुकानाबाहेर पडली, की काम झालं असं सगळे धरून चालतात. मुंबई ते कणकवली हा प्रवास मात्र अशा चाकाची पुरती परीक्षा घेतो. पाच माणसं, डिकी भरलेली, वर कॅरियरला सामान, आणि रात्रभर खड्डे.

मागच्या गणपतीत डोंबिवलीहून देवगडकडे निघालेलं एक कुटुंब सकाळी आमच्याकडे थांबलं. स्विफ्ट गाडी, पुढच्या डाव्या चाकातून टक-टक आवाज. वाटेत दोन ठिकाणी नट आवळून घेतले होते, तरी आवाज परत येत होता. गाडी ऐंशीच्या पुढे गेली की स्टिअरिंग थरथरतं, त्यासाठी निघायच्या आधी बॅलन्सिंगही करून झालं होतं. चाकं जुन्या होंडा सिटीची, मुंबईत वापरलेल्या सामानाच्या बाजारातून घेतलेली. दिसायला सुरेख, कुठे ओरखडा नाही.

पीसीडी दोन्ही गाड्यांचा एकच, ४×१००. म्हणजे चार भोकं, आणि त्यांच्या मध्यांतून काढलेल्या वर्तुळाचा व्यास १०० मिमी. म्हणून चाक स्टडवर (ज्यांवर नट लागतात त्या बोल्टांवर) सहज चढलं. पण स्विफ्टच्या हबचा (चाक ज्यावर बसतं त्या फिरत्या भागाचा) मधला उंचवटा ५४.१ मिमीचा आहे आणि सिटीच्या चाकाचं मधलं भोक ५६.१ मिमीचं. दोन मिमीची फट. उलटं केलं असतं, स्विफ्टचं चाक सिटीला लावायला घेतलं असतं, तर ते चढलंच नसतं आणि चूक तिथल्या तिथे कळली असती. भोक मोठं असलं की चूक गुपचूप खपून जाते.

वडील दुकानात नव्या येणाऱ्या प्रत्येक मुलाला पहिल्याच दिवशी सांगायचे, "चाक नटार बसणा नाय, हबार बसता." चाक मध्यावर धरायचं काम हबच्या त्या उंचवट्याचं, आणि हबच्या सपाट तोंडावर ते दाबून धरायचं काम नटांचं. निमुळते नट आवळताना चाक बऱ्यापैकी मध्यावर ओढून घेतात, हे खरं. पण त्यासाठी नटाचं तोंड आणि चाकातली त्याची बैठक एकाच आकाराची हवी. इथे तीही नव्हती. मारुतीचे नट निमुळते, शंकूसारखे. होंडाच्या मूळ अलॉयमधली बैठक गोलाकार, वाटीसारखी. वाटीत शंकू बसवला तर तो सगळीकडून टेकत नाही, एका बारीक कड्यावर टेकतो. सगळा दाब त्या कड्यावर येतो, चालता चालता तिथलं ॲल्युमिनियम दबतं आणि नट सैल होतो. परत आवळा, परत दबतो. वाटेत दोनदा आवळूनही नट का सुटत होते, त्याचं कारण एवढंच.

आणि बॅलन्सिंगचं म्हणाल तर मशिनवर चाक त्याच्या मधल्या भोकात शंकू घालून धरतात. तिथे ते बरोब्बर मध्यावर फिरतं, काटा शून्य दाखवतो. गाडीवर चढल्यावर तेच चाक अर्धा-एक मिमी बाजूला बसतं. हा दोष मशिनला दिसणं शक्यच नाही. बॅलन्सिंग करूनही थरथर जात नसेल तर आणखी वजनं चिकटवत बसू नका. चाक काढा आणि मधलं भोक व्हर्निअरने मोजा.

त्या चाकाचे चारही स्टड आम्ही बदलले. सैल नटाखाली हिसके खाल्लेल्या स्टडवर पुन्हा भरवसा टाकायला मी तयार नसते. कुडाळच्या ओळखीच्या गॅरेजमधून त्याच गाडीची मूळ चाकं टायरसकट मागवली आणि ती लावून गाडी पुढे पाठवली. त्या गृहस्थांचा प्रश्न साधा होता. "बोल्ट बसले होते ना ताई, मग दुकानदाराने का नाही सांगितलं?" या प्रश्नासाठीच हे पत्र आहे.

नटांच्या आट्यांचंही तसंच. मारुतीचे स्टड १२ मिमी जाडीचे, आटे १.२५ मिमीचे, म्हणजे दोन आट्यांमधलं अंतर तेवढं. ह्युंदाई, होंडाच्या छोट्या गाड्यांचे स्टडही १२ मिमीचेच, पण आटे १.५ मिमीचे. डब्यात दोन्ही नट शेजारी ठेवले तर नुसत्या डोळ्यांनी फरक कळत नाही. चुकीचा नट हाताने एक-दोन फेरे जातो आणि अडतो. तिथे गन (नट आवळायचं हवेवरचं मशिन) लावली की तो आटे कापत आत घुसतो, आणि बाहेरून घट्ट बसल्यासारखा दिसतो. म्हणून गिऱ्हाइकांना माझं सांगणं आहे, की समोर उभे राहा आणि नट आधी बोटांनी लावायला सांगा. सात-आठ फेरे बोटांनी निर्धास्त गेले पाहिजेत. सरळ गन लावणाऱ्याला थांबवा, त्याला राग आला तरी चालेल.

पीसीडी स्वतः तपासणं अवघड नाही. चार भोकांच्या चाकाला समोरासमोरच्या दोन भोकांच्या मध्यांमधलं अंतर मोजायचं. पाच भोकांना समोरासमोर जोडी नसते, म्हणून शेजारच्या दोन भोकांच्या मध्यांमधलं अंतर घ्यायचं आणि त्याला १.७ ने गुणायचं. फोर्डच्या फिगो-इकोस्पोर्टला ४×१०८ लागतं, पोलो, व्हेंटो, रॅपिडला ५×१००, क्रेटा-ब्रेझाला ५×११४.३ (हा विचित्र वाटणारा आकडा म्हणजे सरळ साडेचार इंच). सगळ्यात फसवी जोडी ९८ आणि १०० ची. फियाटच्या पुंटो-लिनियाला ४×९८ लागतं. या गाड्या आता नव्या मिळत नाहीत, चाकांचा शोध घेत मालक फिरतात, आणि कुणीतरी १०० चं चाक ठोकून देतो. प्रत्येक भोकाला एक-एक मिमीचा फरक. बोल्ट तिरके जातात, पण जातात. बाजारातल्या सगळ्या गाड्यांना चालणाऱ्या अलॉयचं मधलं भोक बहुधा ७३.१ मिमीचं असतं, त्यामुळे फियाटचा ५८.१ चा हब त्यातून आरामात जातो आणि शंका यायला जागाच उरत नाही. पुंटो जपून वापरणारी काही मंडळी मला माहीत आहेत, गाडी खरंच छान आहे. त्यांनी थांबावं, शोधावं, पण ९८ चंच चाक घ्यावं.

७३.१ चं चाक मुळीच घेऊ नये, असं मी म्हणत नाही. मधली फट भरायला हब रिंग मिळते. एका बाजूने हबच्या मापाची, दुसऱ्या बाजूने चाकाच्या. ती बसवली तर चाक मध्यावर राहतं. दुकानदार ती पेटीत देतो, बसवणारा पोरगा विसरतो, आणि रिंगा डिकीत लोळत असतात. असं आम्ही नेहमी बघतो. आपल्याकडच्या खाऱ्या हवेत ॲल्युमिनियमच्या रिंगेपेक्षा चांगल्या प्लास्टिकची घ्यावी. देवगड, मालवण, वेंगुर्ल्याकडून येणाऱ्या गाड्यांत ॲल्युमिनियम लोखंडी हबला असं धरून बसतं की चाक लाथा मारून काढावं लागतं. चाक लावण्याआधी हबच्या तोंडावरचा गंज तारेच्या ब्रशने साफ केलाच पाहिजे. गंजाचा पापुद्रा मध्ये राहिला तर तो चालताना चुरतो आणि नट सैल पडतो. स्टडच्या आट्यांना मात्र तेल-ग्रीस लावू नये. त्याने नट ठरल्यापेक्षा जास्त आवळला जातो.

आता ऑफसेट. चाकाच्या आतल्या बाजूला 'ईटी ४५' असं काहीतरी कोरलेलं असतं. चाकाच्या रुंदीच्या मध्यापासून हबला टेकणारा भाग किती मिमी बाहेरच्या बाजूला आहे, तो हा आकडा. समजा मूळ चाक साडेपाच इंच रुंद आणि ईटी ४५ आहे. त्याजागी सात इंच रुंद, ईटी ३५ लावलं, तर रुंदीमुळे चाक दोन्ही बाजूंना १९-१९ मिमी वाढतं आणि ऑफसेटमुळे सगळंच १० मिमी बाहेर सरकतं. म्हणजे बाहेरची कड २९ मिमी बाहेर, आतली ९ मिमी आत. गाडी रुंद, दणकट दिसते, तरुण मुलांना हेच आवडतं. पण तेवढाच भार व्हील बेअरिंगवर तिरका येतो, खड्ड्यात स्टिअरिंग हाताला झटका देतं, चिखल दारापर्यंत उडतो. रिकाम्या गाडीला दुकानात चाक कुठे घासत नाही. मागे तीन माणसं बसून सामान भरल्यावर फोंडा घाटाच्या वळणावर टायर मडगार्डच्या कडेला घासतो आणि खांद्यावर कापला जातो. म्हणून नवी चाकं लावली की लगेच चार-पाच जणांना गाडीत बसवा, स्टिअरिंग दोन्हीकडे पूर्ण फिरवा, स्पीडब्रेकरवरून न्या, आणि पैसे त्यानंतर द्या. पुढच्या चाकाची आतली बाजू ब्रेकच्या कॅलिपरला लागत नाही ना, हेही त्याच वेळी पाहा.

टायरच्या उंचीचा हिशेब कागदावर होतो. १६५/८० आर १४ म्हणजे टायर १६५ मिमी रुंद, त्याची भिंत रुंदीच्या ८० टक्के, आणि चाक १४ इंची. त्याची उंची येते सुमारे ६२० मिमी, आणि १८५/६५ आर १५ ची सुमारे ६२१. म्हणून एकाच गाडीच्या खालच्या-वरच्या मॉडेलला ही दोन मापं चालतात. त्याच पंधरा इंची चाकावर २०५/६५ चढवला तर उंची ६४७ च्या पुढे जाते आणि स्पीडोमीटर साठ दाखवतो तेव्हा गाडी साडेबासष्टने धावत असते. सोळा इंची घेऊन १९५/५५ लावलात तर उंची जुळते, पण टायरची भिंत चौदा इंचीच्या १३२ मिमीवरून १०७ वर येते. आपल्या महामार्गावर ही भिंतच चाकाला वाचवते. लोखंडी डिस्क (साधं लोखंडी चाक) वाकली तर ठोकून सरळ करता येते, अलॉय तडकतो. कोकणातल्या रस्त्यांवर छोट्या गाडीला चौदा किंवा पंधरा इंचाच्या वर जाऊ नये, हे माझं मत आहे आणि धंद्याला मारक असूनही मी ते प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगते.

भारक्षमताही पाहावी. टायरवर ८२ लिहिलं असेल तर तो ४७५ किलो पेलतो, ८८ असेल तर ५६०. चाकावरही वजनमर्यादा कोरलेली असावी लागते, आणि ती भरलेल्या गाडीच्या त्या ॲक्सलवर येणाऱ्या वजनाच्या निम्म्याहून कमी असता कामा नये. ज्या चाकावर ना निर्मात्याचं नाव, ना माप, ना वजन, ते कितीही स्वस्त असलं तरी परत करावं. स्टेपनीसाठी जुने मूळ नट गाडीत ठेवावेत, कारण अलॉयचे नट लोखंडी डिस्कला चालतीलच असं नाही.

नवी चाकं लावल्यावर पन्नास ते शंभर किलोमीटरने नट टॉर्क पान्याने (ठरावीक जोराइतकंच आवळणाऱ्या पान्याने) पुन्हा तपासून घ्यायचे असतात. आकडा गाडीच्या पुस्तिकेत असतो, बहुतेक छोट्या गाड्यांना ८५ ते ११० न्यूटन-मीटरच्या दरम्यान. मुंबईत शुक्रवारी संध्याकाळी चाकं लावून रात्री निघालेल्यांनी पेणला थांबून हे करावं.

आता त्या गृहस्थांच्या प्रश्नाकडे येते. दुकानदार सांगत नाही, कारण त्याला कुणी विचारत नाही आणि काही लिहून द्यावं लागत नाही. बिलावर 'अलॉय सेट, ४ नग' एवढंच असतं. माझी तालुक्यातल्या आणि मुंबई-ठाण्याच्या व्यवसायबंधूंना कळकळीची विनंती आहे, की बिलावर पीसीडी, मधल्या भोकाचं माप, रुंदी आणि ऑफसेट, नटाचे आटे व बैठकीचा आकार आणि वजनमर्यादा लिहून द्या, आणि शेजारी गाडीची मूळ मापं लिहा. आम्ही हे करतो. बिल लिहायला थोडा वेळ जास्त लागतो. आकडे जुळले नाहीत की गिऱ्हाईक स्वतःच विचारतं, आणि चुकीचं चाक दुकानातच राहतं. गिऱ्हाइकांनीही असं बिल मागून घ्यावं. देत नसेल तिथे चाकं घेऊ नयेत.

संपादक महोदय, जादा गाड्यांच्या वेळापत्रकाशेजारी बिलावरची ही मापं एका छोट्या चौकटीत छापता आली तर फार बरं होईल. शक्यतो चतुर्थीच्या पंधरवडाभर आधी छापावी, कारण चाकांची खरेदी त्याच दिवसांत होते.

आपली,
टायर व्यावसायिक, कणकवली