फ्लॅशबॅक म्हणजे पळवाट

मा. संपादक, सप्रेम नमस्कार.

एकाच जागी अडकलेल्या माणसावरच्या शॉर्ट फिल्म्सबद्दल "यात काही घडतच नाही" अशी तक्रार कायम ऐकू येते, आणि बनवणारेही तिला घाबरतात, मग मधेच बायकोमुलांचा फ्लॅशबॅक, मागे पियानो, शेवटी जिद्दीवर भाषण. मला वाटतं सगळा घोळ तिथेच होतो. फ्लॅशबॅक आला की प्रेक्षक मोकळ्या हवेत जाऊन येतो आणि पात्र बिचारं आतच, मग त्याने काय सोसलं ते आपल्याला कळणार कसं?

टिम ईगनची २०१६ ची 'कर्व्ह' बघा. जेमतेम १० मिनिटं. एक बाई, गुळगुळीत वळलेलं काँक्रीट, खाली काळोख. ती कोण, तिथे कशी आली, काही सांगत नाहीत, संवादही नाहीत. धरायला कुठे खाच नाही, हात रक्ताने माखलेत, म्हणजे पकड अजूनच सुटणार, त्यामुळे अंग उतारावर टेकवून जमेल तेवढं न हलणं हेच तिचं लढणं. (हेडफोन लावूनच बघा, त्यात म्युझिकपेक्षा घासल्याचा आवाज जास्त बोलतो.)

याच्या अगदी उलट अंतोनिओ मर्सेरोची १९७२ ची स्पॅनिश 'ला काबिना'. माणूस फोन बूथमध्ये अडकतो, तेही भर दिवसा, चारचौघांत. आधी त्यालाच ओशाळल्यासारखं होतं, लोक हसतात, मदत करायला येतात, दार काही उघडत नाही आणि शेवटी कंपनीची माणसं त्याला बूथसकट ट्रकवर घालून घेऊन जातात. वाटेत दुसऱ्या ट्रकवर दुसऱ्या बूथमधला माणूस दिसतो, दोघं काचेतून एकमेकांकडे बघतात, बस. लाज ते भीती हा प्रवास चेहऱ्यावर उतरायला वेळ लागतो आणि ही फिल्म तो घेते, ३५ मिनिटं. ऑस्करच्या नियमातसुद्धा ४० मिनिटांपर्यंत शॉर्ट फिल्मच धरतात, तरी आपल्याला सगळं ५ मिनिटांत उरकायची घाई का असते कळत नाही.

आणि एक, बजेट नव्हतं म्हणून एका खोलीत शूट केलं याला मिनिमलिझम म्हणू नका प्लीज. हातात असूनही काय गाळलं ते महत्त्वाचं.

तुमच्या सिनेमाच्या पानावर शॉर्ट फिल्म्सची परीक्षणं नियमित येऊ द्या ही विनंती. आणि गोष्ट सांगण्यात जागा घालवू नका, कॅमेरा कुठे थांबला, आवाज कुठे बंद केला, असलं काहीतरी लिहा.

आपला,
एक वाचक