ॲबर्डीनच्या बातम्या ॲबर्डीनमधूनच हव्यात

महोदय,

२०२५ या वर्षात स्कॉटलंडच्या दूरचित्रवाणीवर जे घडले, ते मराठी वाचकांपर्यंत पोहोचावे म्हणून हे पत्र.

वर्षाची सुरुवात उमेद वाढवणारी होती. जानेवारीत बीबीसी अल्बा या गेलिक भाषेतील वाहिनीवर हॅरिस बेटावर घडणारी चार भागांची गेलिक गुन्हेमालिका आली. तासाला सुमारे दहा लाख पौंड खर्च! गेलिक बोलणारे २०२२च्या जनगणनेनुसार जेमतेम सत्तर हजार. तरी त्यांच्या भाषेसाठी हात आखडता घेतला नाही, याचा फार आनंद झाला. ३० नोव्हेंबरपासून गेलिक आणि स्कॉट्स या भाषांना कायद्याने अधिकृत दर्जाही मिळाला.

मग हेच वर्ष रोजच्या, साध्या कार्यक्रमांच्या मुळावर का यावे? २००२पासून चालू असलेली 'रिव्हर सिटी' ही ग्लासगोच्या कष्टकरी वस्तीची मालिका २०२६मध्ये बंद करणार, असे बीबीसीने मार्चमध्ये जाहीर केले. डम्बार्टनच्या तिच्या सेटवर कितीतरी नट, लेखक आणि तंत्रज्ञ घडले. महागड्या चार-सहा भागांच्या मालिकांतून ती तालीम मिळणार नाही.

त्याहून जिव्हारी लागला तो एसटीव्ही या स्कॉटलंडमधील खासगी वाहिनीचा सप्टेंबरमधला प्रस्ताव. साठ नोकऱ्या कमी करायच्या आणि उत्तर स्कॉटलंडचे सायंकाळी सहाचे स्वतंत्र बातमीपत्र बंद करून सगळ्या देशासाठी ग्लासगोहून एकच द्यायचे! १९६१मध्ये एसटीव्हीची इथली पूर्ववर्ती वाहिनी ग्रॅम्पियन टेलिव्हिजन सुरू झाली, तेव्हापासून उत्तरेच्या बातम्या ॲबर्डीनमधून येत आहेत. शेटलंडपासून डंडीपर्यंतचा हा मुलूख मासेमारीचा, तेलाचा, शेतीचा आणि विखुरलेल्या बेटांचा. ग्लासगो इथून सव्वादोनशे किलोमीटरवर आहे. प्रस्ताव जाहीर होऊन पंधरा दिवसही झाले नव्हते, तोच 'एमी' वादळ आले आणि उत्तरेत हजारो घरांची वीज गेली. कोणता रस्ता बंद, कोणती बोट रद्द, हे अशा वेळी त्या भागात वावरणारा बातमीदारच नेमके सांगू शकतो. एकत्र बातमीपत्रात उत्तरेला जागा राहील, असे सांगितले जाते. पण अर्ध्या तासात ग्लासगो, एडिनबरा आणि संसद आटोपल्यावर पीटरहेडच्या मासळीबाजाराच्या वाट्याला काय उरणार?

जाहिरातींचे उत्पन्न घटले आहे, ही कंपनीची अडचण खरी आहे. मात्र परवाना घेताना स्थानिक बातम्यांची जबाबदारीही तिने पत्करलेली आहे, आणि तीत बदल करायला ऑफकॉम या नियामकाची संमती लागते. ती ऑफकॉमने देऊ नये.

पुणे आकाशवाणीचा प्रादेशिक वृत्तविभाग हलवण्याचा निर्णय २०२३मध्ये श्रोत्यांच्या आणि लोकप्रतिनिधींच्या विरोधामुळे स्थगित झाला होता. स्कॉटलंडमध्येही पत्रकारांची संघटना आणि अनेक लोकप्रतिनिधी विरोधात उभे आहेत. ॲबर्डीन परिसरात तेल उद्योगानिमित्त स्थायिक झालेली मराठी कुटुंबे आहेत. त्यांनी आपल्या खासदारांना आणि ऑफकॉमला आपले म्हणणे लेखी कळवावे, अशी कळकळीची विनंती.

– एक वाचक, ॲबर्डीन