पहिल्याच प्रयोगाला निकाल नको

महोदय,

आपल्या रविवारच्या पुरवणीत जुन्या परदेशी मालिकांविषयीच्या मजकुरात 'स्मॅश'ची 'दोन नट्यांच्या भांडणाची मालिका' अशी एका ओळीत बोळवण केली आहे. भांडण आहेच, नाही कोण म्हणतो? न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे या नाट्यवस्तीत मेरिलिन मन्रो या हॉलिवूडच्या नटीवर 'बॉम्बशेल' नावाची संगीतिका (ही काल्पनिक) उभी राहायची आहे आणि मेरिलिन कोणी व्हायचं, कोरसमध्ये वर्षं काढलेल्या आयव्हीनं की नवख्या कॅरननं, यावर 2012 मध्ये एनबीसी या अमेरिकी वाहिनीनं पहिल्या पर्वाचे 15 भाग चालवले. कॅरनच्या भारतीय वंशाच्या मित्राच्या निमित्तानं मध्येच एक बॉलिवूड छापाचं गाणंही घुसवलं आहे. ते मी न पाहता सरळ पुढं पळवलं.

पण तेरावा आणि चौदावा भाग मी दोनदा पाहिला. तेराव्यात तांत्रिक तालीम आहे. सांगलीत हौशी संस्थेसाठी मी बरीच वर्षं प्रकाशयोजना केली, त्यामुळे हा प्रकार अंगवळणी पडलेला. नटानं खुणेवर उभं राहायचं, स्पॉट लागेपर्यंत हलायचं नाही, एक वाक्य बोलायचं, की वरून कोणीतरी ओरडणार, 'थांबा, मागनं घ्या.' ब्रॉडवेवर या दिवसांत बारा तासांतले दहा तास काम चालतं. आमच्याकडे नाट्यगृह मिळायचं प्रयोगाच्या दिवशी सकाळी, तेही आधीच्या मंडळींचं नेपथ्य उतरल्यावर.

चौदाव्या भागात मंडळी बॉस्टनला आहेत. न्यूयॉर्कला जाण्याआधीचा प्रयोग, प्रेक्षक तिकीट काढून आलेले, मेरिलिनच्या भूमिकेत ऐनवेळी आणलेली चित्रपटतारका (उमा थर्मन). नाटक मेरिलिनच्या मृत्यूवर संपतं. अंधार होतो आणि सभागृह गप्प. ती शांतता दिग्दर्शक, गीतकार, निर्माती सगळ्यांना ऐकावी लागते.

ही शांतता मला ठाऊक आहे. राज्य नाट्य स्पर्धेत आम्ही एक शोकान्तिका केली होती. शेवटचा ब्लॅकआउट मी डिमरवरून अगदी हळूहळू घेतला, हात थरथरेपर्यंत. मला वाटलं, काय परिणाम साधलाय! अंधारात तिसऱ्या-चौथ्या रांगेतून आवाज आला, 'लाईट गेली का हो?' दोष प्रेक्षकाचा नव्हता. नाटक संपलंय हे आम्ही त्याला कळूच दिलं नव्हतं. पण स्पर्धेत प्राथमिक फेरीला एकच प्रयोग. चूक कळली तेव्हा परीक्षकांनी गुण मांडून झाले होते.

बॉस्टनच्या त्या शांततेनंतर 'बॉम्बशेल'वाले शेवटासाठी नवं गाणं रचायला बसतात. हे मालिकेपुरतं रचलेलं वाटेल, पण 'कंपनी' या संगीतिकेचं 1970 मध्ये बॉस्टनलाच असं झालं. नायकाचं शेवटचं गाणं फार कडवट वाटलं, म्हणून संगीतकार-गीतकार स्टीफन साँडहाइमनं तिथंच ते काढून दुसरं लिहिलं, 'बीइंग अलाइव्ह'. आज ती संगीतिका लोकांना आठवते ती बरीचशी त्याच गाण्यामुळे. आपल्याकडे तरी काय वेगळं? अण्णासाहेब किर्लोस्करांनी 31 ऑक्टोबर 1880 ला पुण्यात 'शाकुंतल' रंगभूमीवर आणलं ते पहिले चारच अंक. उरलेले नंतर आले.

'स्मॅश'च्या पहिल्या पर्वाचा शेवट मात्र मला पटला नाही. तारका आजारी पडते, काही तासांत तिच्या जागी कॅरन उभी राहते आणि सगळं जमून जातं! ज्या मालिकेनं एवढा वेळ घाम दाखवला तिनं अखेर जादूच्या कांडीवर भागवावं, याचा राग आला.

आता मुद्दा आपल्या समीक्षकांचा. आपल्या व्यावसायिक रंगभूमीवरही पहिल्या दहा-पंधरा प्रयोगांत प्रवेश कापले जातात, मध्यंतर पुढं-मागं सरकतं, शेवट बदलतो. फक्त शुभारंभाच्या प्रयोगाचं परीक्षण तोवर छापून आलेलं असतं आणि ते कापलेल्या प्रवेशावरच असतं. तेव्हा आपल्या प्रतिनिधीला दहाव्या प्रयोगाला पाठवावं, ही विनंती. पास मिळाला नाही तर तिकीट काढावं, बाल्कनीतलं चालेल. हशा कुठं पडतो आणि कुठं पडत नाही, हे तिथून जास्त नीट ऐकू येतं.

– एक जुना प्रकाशयोजनाकार, सांगली